चौदावं पान

दाभणमावशीच्या उजव्या हाताची दोन बोटं पट्टीत होती. उरलेली तीन धडधाकट होती आणि जिभेला तर कसलीच इजा नव्हती, त्यामुळे पोलीस ठाण्याच्या पायऱ्या तिसऱ्यांदा चढताना ती काही खचलेली दिसत नव्हती. पायऱ्या सात होत्या. पाचवीची कड तुटलेली होती आणि वन्संनी तिन्ही खेपांना तिथेच ठेच खाल्ली होती.

"मेली पायरी!" वन्सं म्हणाल्या.

"ती जागच्या जागी आहे, वन्सं. तुम्हीच विसरता."

"म्हणजे आता पायरीचीही बाजू घे तू."

वन्सं म्हणजे मावशीच्या नवऱ्याची थोरली बहीण. नवरा जाऊन नऊ वर्षं झाली. नणंद-भावजय तेव्हापासून एका छपराखाली राहत होत्या आणि रोज सकाळी एकमेकींचे दोष नव्याने शोधत होत्या. खाली दुकान, वर दोन खोल्या. दुकान वह्या-पुस्तकं बांधायचं. कचेऱ्यांच्या, दवाखान्याच्या, शाळांच्या नोंदवह्या मावशी बांधायची. हातातला दाभण आणि बोलण्यातला दाभण यांच्यात कोणता जास्त टोकदार, यावर गल्लीत एकमत नव्हतं. नाव मात्र एकमताने पडलं होतं.

बोटं कशी गेली ते सांगायला हवं, कारण सगळं भांडण तेच लिहून घेण्यावरून होतं.

मागच्या गल्लीतला गोदामवाला शनिवारी भरदुपारी आपली आवक-वही घेऊन दुकानात आला. गोदामाला आग लागून गेली होती आणि चौकशीला माणसं येणार होती. वहीच्या मध्यावर चार पानं नवीन घालून हवी होती, जुन्यासारखी दिसणारी. जो माल गोदामात कधी आलाच नव्हता तो त्या पानांवर येणार होता.

"जमेल ना?" त्याने विचारलं.

"जमेल," मावशी म्हणाली. "पण करणार नाही."

तो हसला. मग आवाज चढवला. मग पुन्हा हसला. मावशी त्या वेळी शिकंज्यात लावलेल्या पुस्तकाचा पुठ्ठा सरळ करत होती. शिकंजा म्हणजे दोन जाड फळ्या आणि वर फिरवायचं लोखंडी चाक. ओली पुस्तकं त्यात दाबून ठेवतात. हात आत होता. गोदामवाल्याने डाव्या हाताने तिचं मनगट फळीवर दाबून धरलं आणि उजव्या हाताने चाक फिरवलं. चार फेऱ्या. चौथ्या फेरीला जो आवाज आला तो लाकडाचा नव्हता. मावशी ओरडली तेव्हा वन्सं मागच्या दाराने आत आल्या, आणि त्यांनी चाकावरचा हात पाहिला. तो हात त्यांच्या पुतण्याच्या वयाच्या माणसाचा होता, असं त्या नंतर दर वेळी सांगत. ते कुणी विचारलं नव्हतं, पण सांगत.

शनिवार दवाखान्यात गेला, रविवार तापात. सोमवारी सकाळी मावशी ठाण्यावर हजर.

आता तिला काय मागायचं ते पक्कं ठाऊक होतं, आणि ते कसं ठाऊक होतं त्याचीही गंमत आहे. वकिलांची पुस्तकं दुरुस्तीला तिच्याकडे यायची. अख्खं पुस्तक कधी फाटत नाही; ज्या पानाची लोकांना गरज जास्त, तेच आधी निखळतं. पान चिकटवलं की खळ वाळेपर्यंत समोर जे असेल ते ती वाचायची. त्यामुळे कायदा तिला सलग येत नव्हता. वारसाहक्काचा मधलाच एक तुकडा, घरभाड्याची शेवटची काही पानं, आणि पोलिसांनी तक्रार कशी लिहून घ्यायची याचं एक सबंध पान. ते पान तिने बावीस वर्षांत तीसेक वेळा चिकटवलं असेल. दर पुस्तकात त्याचा खालचा कोपरा काळा झालेला असायचा, इतक्या माणसांना तिथे अंगठा ठेवावा लागला होता. पानावर होतं ते असं: असा गंभीर गुन्हा तोंडी सांगितला तरी लिहून घ्यायचा, सांगणाऱ्याला वाचून दाखवायचा, त्याची सही घ्यायची, आणि एक प्रत तिथल्या तिथे फुकट द्यायची. नाही घेतला, तर वरच्या साहेबांना टपालाने कळवायचं. त्याच्याही पुढे न्यायाधीश.

एवढं पाठ असलेली बाई सोमवारी प्रत न घेता घरी आली.

विसरली नव्हती. टेबलावरच्या हवालदाराने ज्या वहीत तिची हकिगत लिहायला घेतली, ती तिनेच बांधलेली होती. पाठीला काळं कापड, कोपऱ्यांना तांबडं कातडं, आणि आत निळा दोरा. ठाण्याच्या वह्या तिच्याच दुकानातून जायच्या. तिच्याआधी बाकावर एक मास्तर होते, त्यांची सायकल चोरीला गेली होती. त्यांनी सायकलीच्या घंटीचं वर्णन इतका वेळ केलं की मावशीच्या बोटांनी पट्टीच्या आत दोनदा हाक मारली. मग तिची पाळी आली. हवालदाराने पानभर लिहिलं, वाचून दाखवलं, तिने डाव्या हाताने सही केली. "प्रत उद्या देतो," तो म्हणाला. आणि मावशीने मान हलवली. आपल्या हातच्या वहीत पडलं, शिवलेल्या पानावर पडलं, आता ते कुठे जातंय! दुसरी कुणी असती तर प्रत घेतल्याशिवाय उठली नसती. मावशीला आपल्या दोऱ्याचा भरवसा नडला.

गुरुवारी ती प्रत आणायला गेली, तर हवालदाराने वही चाळली, पुन्हा चाळली आणि म्हणाला, "तुमची नोंदच नाही, मावशी."

"मी इथे बसून सांगितलं. तुम्ही लिहिलं."

"बसला असाल. बसतात खूप जण. नोंद नाही."

"वही दाखवा."

"वही सरकारी आहे."

त्या दिवशी मावशी काही न बोलता परत आली. वन्संना त्याचीच भीती जास्त वाटली.

घरी त्यांनी समजावून पाहिलं. "अगं, बोटं बरी होतील. तो माणूस वाईट आहे. उद्या दुकान पेटवलं त्याने तर?"

"त्याचं स्वतःचं आधीच पेटलंय."

"थट्टा करू नकोस. काय मिळणार आहे तुला?"

मावशीने थोडा विचार केला. "बावीस वर्षं मी दुसऱ्यांची नोंद टिकावी म्हणून दोरे ओवले, वन्सं. जन्मलेल्यांची, मेलेल्यांची, सायकली हरवलेल्यांची. माझी एक नोंद त्यात राहू नये? आणि उद्या तो दुसऱ्या कुणाकडे जाईल ती चार पानं घालून घ्यायला. त्याचा हात आत घालेल."

वन्संनी मग वाद घातला नाही. त्यांनी स्वतःची ठेवणीतली चादर अंगावर घेतली. त्यांच्या हिशेबाने ती साक्षीदाराची चादर होती.

तर ही तिसरी खेप, पुन्हा सोमवार.

हवालदार चहाचा कप वहीवरच ठेवून बसला होता. मावशीला बोटांपेक्षा ते जास्त दुखलं.

"आलात का पुन्हा?"

"या आठवड्यात दुसरीकडे कुठे बोलावणं नव्हतं," मावशी म्हणाली. "लिहून घ्या."

"अहो मावशी, मशीनवर काम करता, हात सापडला. होतं असं. त्यात गोदामवाल्यांना कशाला ओढता? चांगले गृहस्थ आहेत."

"हो का? मग या चांगल्या गृहस्थांनी चाक कसं फिरवलं ते मी दाखवते. तुमचा हात द्या."

हवालदाराने हात टेबलाखाली घेतला. वन्संना हसू फुटलं, ते त्यांनी चादरीत दडवलं.

मावशीने पिशवीतून एक लिफाफा काढून टेबलावर ठेवला. वर पत्ता होता मोठ्या साहेबांच्याही वरच्या साहेबांचा. "यात सगळी हकिगत आहे, दवाखान्याचा कागद आहे, आणि तुम्ही दोनदा परत पाठवलं तेही आहे. आज इथे लिहून घेतलं नाही तर इथून सरळ टपालात. तिथेही नाही झालं तर न्यायाधीशांपुढे. मला घाई नाही, हवालदार. सहा आठवडे मला दुसरं काम करताच येणार नाही, डॉक्टरांनीच लिहून दिलंय."

आवाज ऐकून ठाण्याचे साहेब आतल्या खोलीतून बाहेर आले. मळलेलं टेबल आणि वाढलेला आवाज, दोन्ही त्यांना सारखंच खुपायचं. वार्षिक तपासणी आठ दिवसांवर आली होती, त्यामुळे हल्ली सगळंच जरा जास्त खुपत होतं.

"काय चाललंय?"

हवालदार उभा राहिला. आणि घाबरलेला माणूस करतो तेच त्याने केलं: बचाव सोडून तक्रार सुरू केली. "साहेब, या बाई आपल्याला कायदा शिकवायला आल्यात. आधी स्वतःचं काम नीट करा म्हणावं! ही बघा यांची वही. चार महिने झाले नाहीत आणि पानं गळतात. कोरं पान, अजून कुणी हात लावलेला नाही, सकाळी वही उघडली तर बाहेर!"

असं म्हणून त्याने वहीतून एक मोकळं पान काढलं आणि टेबलावर आपटलं.

मावशीचा चेहरा पाहून वन्संना वाटलं, आता ही रडणार. तिच्या कामाला नाव ठेवलेलं तिला कधी सोसलं नव्हतं. पण मावशी पानाकडे पाहत होती. कडेला दोऱ्याची भोकं होती, अर्धी-अर्धी. कड सरळ होती, ब्लेडने कापल्यासारखी सरळ.

"कुठून गळलं?" तिने अगदी हळू विचारलं.

"इथून. हे काय."

"साहेब, मी हात लावत नाही. तुम्हीच उघडा. त्या जागेनंतर ते जुज संपेपर्यंत किती पानं आहेत ते मोजा. निळा दोरा दिसतो ना मध्ये? त्याने शिवलेला घडीचा एक गठ्ठा, त्याला जुज म्हणतात. आठ मोठे कागद मधोमध दुमडून सोळा पानं. माझ्या वहीत सोळाच असतात, पंधरा नाहीत आणि सतरा नाहीत."

साहेबांना तपासणी आठवली असावी. त्यांनी चहाचा कप उचलून बाजूला ठेवला, खुर्ची ओढली आणि मोजलं. "दोन."

"म्हणजे हे चौदावं. कागद दुमडलेला असतो, साहेब. पहिल्याचा जोडीदार सोळावं, दुसऱ्याचा पंधरावं, चौदाव्याचा तिसरं. एकाच कागदाची दोन अंगं. एक जागेवर असेल तर दुसरं गळूच शकत नाही. माझ्या वहीचं पान आपणहून सुटत नाही. त्याचा जोडीदार कुणीतरी घडीवर कापला, म्हणून हे सुटलं." ती हवालदाराकडे वळली. "दोन बोटं कागद सोडून फाडलं असतं ना, तर जोडीदार टिकला असता. फार सफाई दाखवलीत."

"काहीतरीच!" हवालदार म्हणाला. "पानांवर आकडे आहेत, साहेब. एकही आकडा गेलेला नाही."

"आकडे कोण घालतं?" साहेबांनी विचारलं.

आकडे हवालदारच घालायचा, आठवड्यातून एकदा, हातासरशी.

साहेबांनी जुजाची सुरुवात शोधली. पहिलं पान, दुसरं पान. दुसऱ्याच्या मागच्या बाजूला मास्तरांची सायकल होती. साहेब मोठ्याने वाचू लागले: "सायकलीचा रंग हिरवा असून मागील चाकाचा आरा वाकलेला, घंटी पितळी, तिचा आवाज..." त्यांनी पुढचं पान पाहिलं. "...शेजाऱ्याने पाण्याच्या नळावरून शिवीगाळ केली." ते थांबले. "हवालदार, घंटीचा आवाज कसा होता?"

"मला सांगता येईल," मावशी म्हणाली. "मास्तरांनी माझ्यासमोर काढून दाखवला होता. त्यांच्यानंतर मीच होते."

मग हवालदार म्हणाला, "त्या पानावर शाई सांडली होती, साहेब. खराब झालं होतं."

साहेबांनी टेबलावरच्या पेल्याकडे पाहिलं. त्यात बॉलपेनं होती, सहा. त्यांनी त्यातलं एक उचललं, झटकून पाहिलं, पुन्हा ठेवलं. "आत जाऊन बसा," ते म्हणाले.

मावशी माणसं ओळखायची. साहेबांच्या कपाळावर जी आठी होती ती तिच्या बोटांसाठी नव्हती, ती आठ दिवसांनी येणाऱ्या तपासणीसाठी होती. हरकत नाही. आठी कशीही पडो, उपयोगी पडल्याशी कारण.

"बाई," साहेब म्हणाले, आता अगदी गोड. "झालं ते झालं. ते पान मी बघतो. तुमचं आपण आजच्या तारखेने लिहू. सध्या मशीनवरचा अपघात म्हणून घेऊ, तपासात जे निघेल ते निघेल. तुम्हालाही त्रास नाही."

"अपघात एका फेरीचा असतो, साहेब. चार फेऱ्यांचा नसतो."

"म्हणजे गोदामवाल्यांचं नाव घालायचंच?"

"त्याने चाक फिरवलं. चाकाचं नाव घालून काय करू?"

"मी पाहिलंय," वन्सं पुढे झाल्या. "चाकावरचा हात मी पाहिलाय. पुतण्याच्या वयाचा..."

"वन्सं, तुमचं नंतर. साक्षीदाराला आधी बोलू देत नाहीत."

"हे कोणत्या फाटक्या पानावर होतं?" वन्सं कुरकुरल्या, पण बसल्या.

साहेबांनी स्वतः लिहायला घेतलं. मावशी सांगत गेली, आवक-वहीपासून चौथ्या फेरीपर्यंत. लिहून झाल्यावर ती म्हणाली, "वाचून दाखवा." साहेबांनी वाचलं. पाचव्या ओळीत होतं, 'अज्ञात कारणाने हातास इजा'.

"कारण अज्ञात नाही. ते मागच्या गल्लीत गोदामात बसलंय."

साहेबांनी ओळ खोडली, बाजूला सही केली, नवीन ओळ लिहिली. पुढे 'किरकोळ वाद' होता, तोही गेला. शेवटाकडे त्यांनी पेन थांबवलं. "आणि मागच्या सोमवारचं पान? हवालदाराने कापलं असं म्हणायचंय तुम्हाला?"

इथे मावशीला मोह झाला, नाही असं नाही. कप वहीवर ठेवणाऱ्या माणसाचं नाव लिहायला तिची जीभ शिवशिवत होती. पण जे डोळ्यांनी पाहिलं नव्हतं ते आपल्या नोंदीत घालायचं, म्हणजे गोदामवाल्याची चार पानंच झाली की.

"मी सोमवारी आले, सांगितलं, तुमच्या माणसाने लिहिलं, मी सही केली. गुरुवारी आले तर ते पान नव्हतं. एवढं लिहा. कुणी कापलं ते मी पाहिलेलं नाही. ते शोधायचं काम तुमचं."

साहेबांनी शब्दाला शब्द तसंच लिहिलं. मग आकडा घातला. तक्रारीचा क्रमांक. मावशीने तो मनात दोनदा म्हटला आणि डाव्या हाताने सही केली. मागच्या सोमवारपेक्षा ही बरी आली, सराव होत होता.

"आता प्रत."

"झेरॉक्स मशीन बंद आहे, बाई. उद्या..."

"मग हाताने लिहा. मी बसते."

ती बाकावर बसली. शेजारी वन्सं बसल्या, चादर नीट करून. साहेबांनी उसासा टाकला आणि आतून हवालदाराला हाक मारली. पुढचा पाऊण तास हवालदार ती तक्रार नकलून काढत होता, चारही फेऱ्यांसकट. मध्ये त्याने एकदा वर पाहिलं.

"'शिकंजा' तुटक आलाय तुमचा," मावशी म्हणाली. "नीट करा. पुढे वाचायला लागणार आहे लोकांना."

प्रतीवर शिक्का बसला. साहेबांनी स्वतः घडी घालायला घेतली, तर मावशीने थांबवलं. कागद ती सरळच नेणार होती, दोन पुठ्ठ्यांमध्ये. पुठ्ठे तिने घरून आणले होते, तिन्ही खेपांना आणले होते. लिफाफा तिने परत पिशवीत टाकला, फाडला नाही.

निघताना साहेबांनी विचारलं, "ही वही दुरुस्त होईल का हो? तपासणी आहे."

"होईल. पण मी करणार नाही. ती आता पुरावा आहे, साहेब. तशीच ठेवा. आणि तिच्यावर कप ठेवू नका."

पाचव्या पायरीवर वन्संनी मावशीचा डावा हात धरला आणि ठेच न लागता उतरल्या.

संध्याकाळच्या उजेडात दुकानात दोघी समोरासमोर बसल्या. मावशीची बोटं पट्टीत, त्यामुळे सुई वन्संच्या हातात. प्रत पहिल्या पानावर घालून एक वही बांधायची होती. पुढे येणारे कागद, तारखा, कोण काय म्हणालं, सगळं त्यात राहणार होतं. वन्संना नऊ वर्षांत मावशीने सुईला हात लावू दिला नव्हता आणि आज त्यांनी पहिल्याच टाक्याला दोऱ्याची गाठ उलटी मारली.

"अहो, उलटं."

"उलटं नाही, माझी पद्धत आहे."

"उसवा."

वन्संनी उसवलं. निळा दोरा पुन्हा ओवला, डोळे बारीक करून. "कोरी पानं किती घालू?"

"एक जुज. सोळा."

"सोळा! इतकं काय लिहायचंय?"

"अजून जबाब आहेत, वन्सं. तुमचाही आहे. मग कोर्ट."

वन्संनी कागदांच्या गठ्ठ्याकडे पाहिलं, मावशीच्या पट्टीकडे पाहिलं, आणि आठ कागद आणखी उचलले.

"मग दोन घालते," त्या म्हणाल्या. "माझाच जबाब एका जुजाचा होईल."